अचाराची बरणी आणि कोरोनाचे दोन उन्हाळे

बाजारात कैऱ्या दिसायला लागल्या की आमचा फोन वाजायला लागतो. किलोला मीठ किती घालायचं? तेल गरम ओतायचं की गार करून? गेल्या वर्षी वरून पांढरी बुरशी आली, ती का आली? पूर्वी हे सगळे फोन खालांकडे जायचे. खाला म्हणजे आमच्या अम्मीची धाकटी बहीण. बीड जिल्ह्यातल्या एका तालुक्याच्या गावी राहायच्या आणि निम्म्या खानदानाचा अचार त्यांच्या हातचा असायचा. २०२१ च्या रमजानमध्ये, कोरोनाच्या दुसऱ्या लाटेत, त्यांचा इंतेकाल झाला. तेव्हापासून फोन आमच्याकडे येतात, का तर आम्ही त्यांच्याजवळ बसून वहीत लिहून घेतलं होतं.

दर साली तेच तेच सांगण्यापेक्षा एकदा नीट लिहून टाकावं असं ठरवलं. पण लिहायला बसलो तर कळलं की अचाराचं लिहायचं म्हणजे कोरोनाचंही लिहावं लागणार. आमच्या घरात त्या दोन गोष्टी आता एकमेकींपासून वेगळ्या होत नाहीत.

आधी शब्दांचं थोडं. मास्तरकीची सवय आहे, वाचकांनी सांभाळून घ्यावं. शाळेत आम्ही मराठी शिकवताना ‘लोणचं’ म्हणतो, घरी दस्तरखानावर तेच ‘अचार’ होतं. लोणचं या शब्दात ‘लवण’ म्हणजे मीठ लपलेलं आहे. अचार हा शब्द फारसीतून आला. आणि आपल्या म्हाताऱ्या बायका ज्या चिनी मातीच्या बरणीला मर्तबान म्हणतात, तो शब्द ब्रह्मदेशातल्या मर्तबान बंदरावरून आला. तिथून अशा मोठ्या, झिलईच्या बरण्या जहाजांनी दूरदूर जायच्या. म्हणजे एका बरणीत संस्कृत, फारसी आणि ब्रह्मदेश तिन्ही बसलेत, त्याचं आपल्याला काही वाटत नाही.

चौदाव्या शतकात मोरोक्कोहून आलेला प्रवासी इब्न बतूता याने हिंदुस्थानच्या फळांबद्दल लिहिताना कच्च्या, गळलेल्या कैऱ्या मिठात घालून ठेवण्याची रीत नोंदवली आहे. तसंच आल्याचं आणि मिरीचं लोणचंही. लोक जेवताना घासागणिक त्यातलं थोडंसं खातात, हेही त्याने टिपलंय. हा गृहस्थ आपल्या दौलताबादलाही येऊन गेला होता. सहाशे-सातशे वर्षांत जेवणाच्या ताटातलं बरंच काही बदललं. लाल मिरची तर त्या वेळी या मुलखात नव्हतीच, ती पोर्तुगीजांबरोबर नंतर आली. पण घासागणिक बोटभर अचार, हे मात्र तसंच राहिलं.

बरणीत नेमकं काय होतं

२०२० चा मार्च आठवा. २२ तारखेला जनता कर्फ्यू, २५ पासून देशभर टाळेबंदी. शाळा बंद. आमच्या वर्गातल्या निम्म्या मुलांच्या घरी एकच मोबाइल, तोही वडिलांच्या खिशात. व्हिडिओ पाठवला तर डेटा संपतो म्हणून ओरड व्हायची. मग आम्ही व्हॉट्सॲपवर चार-पाच मिनिटांचे आवाजी धडे पाठवायला लागलो. विज्ञानात परासरण समजावायचं होतं. घरात प्रयोगशाळा कुठून आणायची? सांगितलं, अम्मीला विचारून एक कैरी चिरा, मूठभर मीठ लावा, वाटीत झाकून ठेवा, सकाळी काय झालं ते सांगा. दुसऱ्या दिवशी सकाळी सगळ्यांचा एकच निरोप : सर, पाणी सुटलंय!

तेच ते परासरण. कैरीच्या पेशींमधलं पाणी बाहेरच्या खारटपणाकडे ओढलं जातं. फोडी आक्रसतात, चिवट होतात आणि वाटीत खार साठतो. अन्न नासवणारे जंतू आणि बुरशी यांना वाढायला मोकळं पाणी लागतं. मिठाने ते पाणी अडवून धरलं की त्यांची उपासमार होते. इतकंच नाही, जंतूच्या स्वतःच्या अंगातलं पाणीही मीठ तसंच ओढून घेतं. अचाराच्या रक्षणातलं हे पहिलं काम मिठाचं.

दुसरं काम आंबटपणाचं. कैरी, लिंबू, चिंच, सिरका, काहीही असो. सामू ४.६ च्या खाली असला की बोटुलिझमचा जंतू वाढू शकत नाही. हा जंतू हवा नसलेल्या जागी वाढतो, त्याचं विष जिवावर बेतू शकतं आणि त्याचा वास येईलच असं नाही. कैरीचा आणि लिंबाचा अचार पिढ्यान् पिढ्या निभावला याचं कारण ही फळं मुळातच आंबट आहेत. म्हणूनच नुसता लसूण तेलात बुडवून महिनोन्महिने ओट्यावर ठेवणं धोक्याचं. लसणात आंबटपणा नाही आणि वर तेलाने हवा बंद केलेली. लसणाच्या अचाराला लिंबाचा रस किंवा सिरका भरपूर हवा, आणि तो थोडाच करून फ्रिजमध्ये ठेवावा. मटणाच्या आणि कोळंबीच्या अचाराचंही तेच. चार-आठ दिवसांत संपेल एवढाच करावा.

तिसरं काम तेलाचं. फोडींच्या वर बोटभर तेल राहिलं की हवा आत जात नाही, आणि हवेशिवाय बुरशी वाढत नाही. आमच्याकडे करडईचं तेल. कोणी शेंगदाण्याचं घेतं, हैदराबादकडचे नातेवाईक तिळाचं. तेल कडकडीत तापवून पूर्ण गार करायचं आणि मगच ओतायचं. गरम ओतलं तर फोडी शिजून मऊ पडतात. मोहरीचा झणका, हळद, हिंग, मेथी हे मदतनीस. मोहरी कुटली की तिच्यातून जो नाकात जाणारा तिखटपणा सुटतो, तो जंतूंनाही सोसत नाही. पण मुख्य पहारेकरी मीठ आणि आंबटपणा हेच.

आणि ऊन. मर्तबानाच्या तोंडाला मलमलचं फडकं बांधून गच्चीत ठेवायचं. बरणी तापते, उरलीसुरली ओल उडते, मसाला मुरतो. संध्याकाळी खाली आणायची, हलवायची, उद्या परत वर.

खालांचं माप असं होतं. गावरान, आंबट, आत कोय धरलेल्या कैरीच्या एक किलो फोडी. मीठ १८० ग्रॅम, मोहरीची डाळ १००, तिखट १००, मेथी २५ (तेलात तळून कुटलेली), हळद २५, हिंग १० आणि तेल पाऊण पाव कमी अर्धा लिटर. हे शेवटचं माप त्यांच्याच तोंडचं. आम्ही ते मोजलं तेव्हा चारशे ग्रॅमच्या आसपास भरलं. कैऱ्या धुऊन, पुसून, पंख्याखाली तासभर वाळवायच्या. अडकित्ता कोरडा, परात कोरडी, हात कोरडे. ‘पानी का एक कतरा पूरा मर्तबान खाता’ असं त्या म्हणायच्या, आणि विज्ञानाच्या पुस्तकात याहून वेगळं काही नाही.

हाताचा विषय निघालाच आहे तर एक गोष्ट बोलून टाकतो. आपल्याकडे काही घरांत आजही बायकांना त्या चार-पाच दिवसांत अचाराला हात लावू देत नाहीत, अचार नासतो म्हणतात. याला विज्ञानात आधार नाही आणि दीनमध्येही नाही. प्रेषित मुहम्मद (स.) यांनी हजरत आयशा (रजि.) यांना चटई आणून द्यायला सांगितली. त्यांनी हैजचं कारण सांगितलं, तेव्हा आपने समजावलं की ते काही तुझ्या हातात नाही. सहीह मुस्लिममधली ही हदीस मुलींना शिकवायला हवी. अचार नासतो तो ओल्या हाताने, मग तो हात कोणाचाही असो.

ॲल्युमिनियम, तांबं आणि बिनकल्हईचं पितळ टाळावं, आंबटपणा धातूला खातो. रंगाच्या रिकाम्या बादल्या तर अजिबात नकोत, गावाकडे हे आजही पाहतो. आणि बुरशी दिसली तर वरची काढून खालचं खाऊ नये. बुरशीचे धागे डोळ्याला दिसत नाहीत एवढे खोल गेलेले असतात. जीवावर येतं, माहीत आहे, पण फेकून द्यावं.

पहिला उन्हाळा

२०२० चा रमजान २५ एप्रिलला लागला. मशिदी बंद, तरावीह घरात, इफ्तारच्या वेळी गल्लीत चिटपाखरू नाही. आणि त्या महिन्यात आपल्या लोकांवर जे दुसरं ओझं होतं त्याचाही उल्लेख करायलाच हवा. तबलीगी जमातच्या निमित्ताने टीव्हीवर सकाळ-संध्याकाळ काय चाललं होतं ते सगळ्यांना आठवत असेल. आमच्या गल्लीतला भाजीवाला पोरगा दोन वस्त्यांमधून नाव विचारून परत पाठवला गेला. गाडीवर कैऱ्याच होत्या. पुढे २१ ऑगस्ट २०२० रोजी मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाने परदेशी तबलीगींवरचे गुन्हे रद्द केले आणि त्यांना बळीचा बकरा केलं गेल्याचं स्पष्ट म्हटलं. पण तो निकाल ऑगस्टमधला. एप्रिलमधल्या रात्री झोप लागत नव्हती त्याचं काय?

त्या पोराच्या उरलेल्या कैऱ्या आम्ही घेतल्या. वीस किलो! घरात वेड लागलंय का असा सूर निघाला. मग खालांना फोन लावला, मोबाइल परातीजवळ उभा केला आणि त्या तिकडून हुकूम सोडायच्या, आम्ही इकडे फोडी करायचो. अम्मी, आपा, मुलं, सगळे. आपा म्हणजे आमची थोरली बहीण, टाळेबंदी लागली तेव्हा माहेरी आली होती ती इथेच अडकली. तिचे मियाँ पुण्याला, त्यांचा पगार थांबलेला. दिवसभर ती मोबाइलवर आकडे बघत बसायची. आज किती बाधित, किती गेले. त्या दोन दिवसांत तिने मोबाइल बघितला नाही, कारण हाताला तेल आणि हळद होती.

‘स्वतःची काळजी’ हा शब्द त्या काळात फार ऐकला. बहुतेक ठिकाणी त्याचा अर्थ काहीतरी विकत घेणं असा होता. आम्हाला त्याचा अर्थ त्या परातीजवळ थोडा कळला. टाळेबंदीत वार कळेनासे झाले होते, मंगळवार काय आणि शुक्रवार काय. अचाराने दिवसाला परत आकार दिला. आज मीठ लावलं, उद्या खार निथळायचा, परवा मसाला, मग आठ दिवस गच्चीवर नेणं-आणणं. काळजीत अडकलेलं डोकं आणि रिकामे हात ही जोडी वाईट. हाताला नेमकं, ठरावीक वेळेचं, डोळ्यासमोर पुढे सरकणारं काम दिलं की डोकं थोडा वेळ तरी त्याच्या मागे चालतं. आणि ज्या उन्हाळ्यात पुढच्या आठवड्याची खात्री नव्हती, त्यात आपण पुढच्या वर्षाचा अचार घालत होतो. अम्मी त्याला सब्र म्हणाल्या. मुलांनी त्याला टाइमपास म्हटलं.

शेजारच्या देशमुखी वाड्यातल्या काकूंनी भिंतीवरून विचारलं, मोहरीचा वास येतोय, अचार घालताय का? दुसऱ्या दिवशी त्यांनी घरच्या झाडाची लिंबं दिली, पिशवी काठीला अडकवून. आमची बरणी तशीच काठीने पलीकडे गेली. शेजाऱ्याचा हक्क आपल्याकडे किती मोठा सांगितलाय ते सगळे जाणतात. त्या एप्रिलमध्ये तो दोन्ही बाजूंनी पाळला गेला, एवढं नोंदवून ठेवतो.

अचार म्हणजे दवा नाही

याच काळात व्हॉट्सॲपवर काय काय फिरत होतं! सिरक्याच्या गुळण्या केल्या की कोरोना घशातच मरतो, लसणाचा अचार रोज खा, लिंबाचा रस नाकात घाला. सिरक्याला प्रेषित (स.) यांनी उत्तम सालन म्हटलं आहे, हे खरं. सालन म्हटलं आहे, महामारीचं औषध नव्हे. लसूण खाल्ल्याने कोरोना टळतो याचा पुरावा नाही, हे जागतिक आरोग्य संघटनेने तेव्हाच स्पष्ट केलं होतं. कैरीत क जीवनसत्त्व असतं, पण ऊन आणि महिने यात त्यातलं बरंच जातं. ‘अचारात पोटाला चांगले जंतू असतात’ हेही आपल्या तेलातल्या अचाराला फारसं लागू नाही. इतक्या मिठात ते चांगले जंतूही फार वाढत नाहीत. गाजराची कांजी किंवा ताजं दही यांची गोष्ट वेगळी.

उलट हिशोब बघा. वर दिलेलं माप सगळं मिळून साधारण १८४० ग्रॅम होतं, त्यात मीठ १८०, म्हणजे जवळजवळ दहा टक्के. मसाल्यासकट एक मोठी फोड वीस ग्रॅमची धरली तर तिच्यात दोन ग्रॅम मीठ. मोठ्या माणसाने दिवसभरात सगळं मिळून पाच ग्रॅमपेक्षा कमी मीठ खावं असं जागतिक आरोग्य संघटना सांगते. सेहरीला दोन फोडी खाल्ल्या की दिवसाचं बहुतेक मीठ फजरच्या आधीच संपलं, आणि वर दिवसभर तहान. ज्यांना ब्लड प्रेशर किंवा किडनीचा त्रास आहे त्यांनी अचाराची फोड धुऊन, चतुर्थांश खावी. नाहीतर फक्त तेल-मसाल्याचं बोट लावावं. कोरोनात जे जास्त गंभीर झाले त्यांच्यात प्रेशर आणि शुगरचे रुग्ण मोठ्या संख्येने होते. म्हणजे स्वतःची काळजी म्हणून जो अचार आपण जास्त खात होतो, तोच काहींच्या बाबतीत काळजीच्या उलट जात होता.

आपल्याकडे तब्येतीकडे लक्ष देणं म्हणजे नाजूकपणा, असं एक मत आहे. विशेषतः घरातल्या बायकांचं स्वतःबद्दल. सगळ्यांना वाढून झाल्यावर गार जेवायचं, दुखलं तर सांगायचं नाही. हजरत अब्दुल्लाह बिन अम्र (रजि.) रोज रोजे ठेवायचे आणि रात्रभर इबादत करायचे, तेव्हा प्रेषित (स.) यांनी त्यांना सांगितलं की तुझ्या शरीराचाही तुझ्यावर हक्क आहे. आणि साथीचं म्हणाल तर हजरत उमर (रजि.) यांची गोष्ट आहेच. शामकडे निघालेले असताना सर्ग या ठिकाणी कळलं की पुढे ताऊन पसरलाय. त्यांनी परतायचं ठरवलं. हजरत अबू उबैदा (रजि.) यांनी विचारलं, अल्लाहच्या तकदीरपासून पळता? उत्तर आलं की होय, अल्लाहच्या एका तकदीरकडून त्याच्याच दुसऱ्या तकदीरकडे. पुढे अबू उबैदा (रजि.) त्याच ताऊनमध्ये गेले. तवक्कुल आणि एहतियात यांत भांडण नाही, हे आपल्याला इतक्या जुन्या काळापासून माहीत आहे. खालांनाही माहीत होतं. त्यांनीच आम्हाला लहानपणी ही गोष्ट सांगितली होती.

दुसरा उन्हाळा

२०२१ चा रमजान १४ एप्रिलला सुरू झाला. त्याच रात्रीपासून राज्यात पुन्हा कडक निर्बंध लागले. तिसऱ्या रोज्याला खालांचा फोन आला. इकडचं तिकडचं बोलल्या, मग हसत म्हणाल्या, ‘बेटा, अचार की हिंग उड गई क्या? खुशबूच नै आरी.’ आम्हीही हसलो. म्हटलं, खाला, झाकण सैल राहिलं असेल, फडकं बदला.

घरातल्या उत्तम नाकाची बाई. मोहरी जुनी आहे की नवी हे पुडी न उघडता सांगायची. ती बाई म्हणते वास येत नाही, आणि आम्ही झाकणाबद्दल बोललो. वास किंवा चव जाणं हे केंद्रीय आरोग्य मंत्रालयाने १३ जून २०२० रोजीच कोरोनाच्या लक्षणांत घातलं होतं. आम्ही स्वतः पालकांच्या ग्रुपवर ती यादी मराठीत आणि उर्दूत लिहून टाकली होती.

नंतर कळलं, त्यांना दोन दिवस कणकण होती. कोणाला सांगितलं नाही. रोजे सुटतील ही एक भीती आणि ‘उचलून नेतील’ ही दुसरी. शुगर होती, तरी रोजे चालू. आजाऱ्याने रोजा सोडून नंतर पुरा करावा ही सवलत खुद्द कुरआनने सूरह बकरामध्ये दिली आहे, पण ती सवलत आपल्यासाठी आहे असं आपल्या घरातल्या मोठ्या बायांना कधी वाटत नाही. सहाव्या रोज्याला धाप लागली. बोटाला ऑक्सिमीटर लावला तेव्हा ८२. तरी त्या बसून बोलत होत्या, मुलाला चहा घे म्हणत होत्या. या आजारात ऑक्सिजन खूप उतरलेला असतानाही माणूस बरा दिसू शकतो. म्हणून तर डॉक्टर सांगायचे की ९४ च्या खाली आलं की थांबू नका, आणि सहा मिनिटं चालून परत मोजा. दिसण्यावर जाऊ नका. बेड मिळायला एक दिवस गेला. बाराव्या रोज्याला त्या गेल्या. मुलाला दुरून बघता आलं. जनाज्याला पाच माणसं होती.

वास का जातो, हे आम्ही त्यानंतर वाचलं. नाकाच्या अगदी वरच्या भागात वास ओळखणाऱ्या चेतापेशी असतात आणि त्यांना आधार देणाऱ्या दुसऱ्या पेशी असतात. हा विषाणू मुख्यतः त्या आधाराच्या पेशींवर हल्ला करतो. आधार ढासळला की वासाच्या पेशींचं कामही बंद पडतं. सर्दीत नाक चोंदून वास जातो, तसं हे नसतं. नाक मोकळं असतं आणि वास गायब. आता अचाराचा विचार करा. जिभेला फक्त गोड, खारट, आंबट, कडू आणि उमामी एवढं कळतं. तिखट तर चवच नाही, ती आग आहे आणि ती वेगळ्या चेतातंतूंनी जाणवते. हिंग, मेथी, मोहरी, कैरी यांची ओळख होते ती नाकाने. म्हणून वास गेलेल्या माणसाला अचार खारट लागतो, आंबट लागतो, झोंबतो, आणि तरी ‘काहीतरी उडून गेलंय’ असं वाटतं. खालांनी अगदी बरोबर वर्णन केलं होतं.

हे वाचणाऱ्यांनी एवढं तरी करावं. घरातलं कोणी, विशेषतः जेवण बनवणारी बाई, अचानक म्हणाली की आज कशालाच वास नाही, तर मसाल्याला दोष देऊ नका. साथ कोरोनाची असो वा पुढे आणखी कशाची, थर्मामीटर आणि ऑक्सिमीटर काढा.

त्याच आठवड्यात आपालाही झाला. तिला घरीच बरं वाटलं, पण वास परत आला नाही. मे गेला, जून गेला. ती जेवेना. डॉक्टरांनी एक साधा सराव सांगितला, जो जगभर वापरतात : गुलाब, लिंबू, लवंग आणि निलगिरी, हे चार वास, रोज सकाळ-संध्याकाळ, प्रत्येक वीसेक सेकंद. हुंगताना तो वास कसा होता हे मनात आठवायचं. निदान तीन महिने. चेतापेशींना परत वाट सापडायला अशी मदत होऊ शकते, सगळ्यांना होतेच असं नाही. आमच्याकडे गुलाबाचं अत्तर होतं, लवंग-लिंबू घरातच, निलगिरीच्या तेलाची बाटली मेडिकलमधून आणली. फजरनंतर आणि मगरिबनंतर आपा चार वाट्या समोर घेऊन बसायची. पहिले कित्येक आठवडे काहीच नाही. ती म्हणायची, पाणी हुंगल्यासारखं वाटतं. पण सोडलं नाही, कारण आम्ही सोडू दिलं नाही.

खालांच्या मुलाने त्यांचा मर्तबान जुलैमध्ये आमच्याकडे आणून दिला. २०२० चा अचार, तळाला वीतभर उरलेला. २१ जुलैला बकरी ईद होती. दुपारी जेवायला बसताना अम्मींनी फडकं सोडलं आणि आपाने मान वर केली. म्हणाली, मेथी येतेय. थोड्या वेळाने म्हणाली, हिंगपण. आम्ही बरणी जवळ ओढून वास घेतला. हिंग जसाच्या तसा होता.